शेजारच्या प्लॉटवर बेसमेंटचा खड्डा, आमची कंपाउंड वॉल कलली – जमिनीच्या आधाराचा काही हक्क असतो का?

मेधा_कर्वेनगर

नमस्कार मंडळी, पोस्ट लांब आहे पण कृपया शेवटपर्यंत वाचा.

आमची सोसायटी पुण्यात कर्वेनगरात, १९८८ सालची, खाली पार्किंग आणि वर तीन मजले. पश्चिमेला लागून एक जुना बंगला होता, तो पाडला आणि आता तिथे बारा मजली होणार आहे, पार्किंगसाठी खाली दोन बेसमेंट. पोकलेन आणि ब्रेकर दिवसभर चालू. खोदकाम आमच्या कंपाउंड वॉलच्या पायाला टेकलंय, म्हणजे भिंतीवरून खाली वाकून बघितलं तर सरळ उभा काप दिसतो, वर वीतभर काळी माती, मग मुरूम, खाली पाषाण. भिंत त्या बाजूला कललीये. आमच्या पार्किंगच्या फरशीत भिंतीला समांतर एक लांब भेग पडलीये, आधी केसाएवढी होती, आता त्यात नाणं उभं जातं.

साइट इंजिनिअर म्हणतो आम्ही आमच्या हद्दीत खोदतोय, प्लॅन सँक्शन आहे, तुमचं काय म्हणणं? आमचे सेक्रेटरी म्हणतात बिल्डिंगला काही झालेलं नाही, झालं तर बघू. सोसायटीत बहुतेक सत्तरीच्या पुढचे, रात्री झोप नाही कुणाला. मला एवढंच विचारायचंय की आपल्या जमिनीला बाजूच्या जमिनीचा जो टेकू असतो त्यावर कायद्याने आपला काही हक्क आहे की नाही, का नुसत्या विनवण्या करत बसायचं?

शनिवारातला

आधी महापालिकेच्या बांधकाम परवानगी खात्यात लेखी तक्रार टाका, इनवर्डचा शिक्का घ्या. तोंडी काही बोलू नका कुणाशी. आणि सगळ्यात आधी त्या भिंतीला लागून ज्यांच्या गाड्या असतील त्या हलवा.

वकील_शिवाजीनगर

मेधाताई, हक्क आहे, आणि चांगला जुना आहे. १८८२ चा सुविधाधिकार कायदा, ज्याला कोर्टात सगळे ईझमेंट अ‍ॅक्ट म्हणतात, तो आपल्या मुंबई इलाख्याला १८९१ पासून लागू आहे. त्याच्या कलम ७ खालच्या उदाहरणांमध्ये हे अगदी स्पष्ट आहे की प्रत्येक जमीनमालकाला आपली जमीन नैसर्गिक स्थितीत असताना तिला बाजूच्या आणि खालच्या दुसऱ्याच्या जमिनीकडून मिळणारा नैसर्गिक आधार टिकवून घ्यायचा हक्क आहे. यासाठी करार लागत नाही, वर्षं मोजावी लागत नाहीत, जमिनीच्या मालकीबरोबरच तो येतो.

पण 'नैसर्गिक स्थितीत' हे तिथं मुद्दाम लिहिलंय. तिथलं स्पष्टीकरण असं की जी जमीन खणलेली नाही आणि जिच्यावर कृत्रिम भार नाही ती नैसर्गिक स्थितीतली. तुमच्यावर तर अख्खी बिल्डिंग उभी आहे. म्हणून इथे कलम १५ लागतं. इमारतीचा भार असलेल्या जमिनीला शेजारच्या जमिनीचा आधार शांततेने, खंड न पडता, हक्क म्हणून २० वर्षं मिळत आला असेल तर तो हक्क पक्का होतो. शेजारची जमीन सरकारी असेल तर २० च्या जागी ३० वर्षं. तुमची १९८८ ची बिल्डिंग म्हणजे २० कधीच होऊन गेली. साइट इंजिनिअर 'आमच्या हद्दीत' म्हणतो ते अर्धच खरं, स्वतःच्या हद्दीत खोदायचा हक्क त्यांना आहे पण तुमचा आधार काढून घेऊन खोदायचा नाही. सँक्शन प्लॅन ही महापालिकेची परवानगी असते, शेजाऱ्याचा दिवाणी हक्क त्यातून जात नाही.

आणि लगेच हालचाल करा. कलम १५ मधली २० वर्षं ही दावा लावायच्या आधीच्या दोन वर्षांच्या आत संपणारी असावी लागतात. म्हणजे आधार तुटल्यावर तीनचार वर्षं बैठका घेत बसलात तर हातातला मुद्दा निसटतो.

बालेवाडी_टॉवर

वकीलसाहेब, आमची बिल्डिंग २०१२ ची आहे, शेजारी असाच खड्डा सुरू होणार आहे असं कळतंय. मग आम्हाला काहीच नाही का? वीस वर्षं व्हायची वाट बघायची?

वकील_शिवाजीनगर

तसं नाही. एक तर तुमच्या इमारतीचं वजन नसतं तरीही ती जमीन घसरलीच असती, हे इंजिनिअरच्या रिपोर्टवरून दाखवता आलं तर कलम ७ चा नैसर्गिक हक्कच मोडला असं म्हणता येतं. आणि उभ्या कापलेल्या, शोअरिंग (कापलेल्या मातीला दिलेला तात्पुरता आधार) नसलेल्या खड्ड्यात बरेचदा तसंच असतं, माती स्वतःच्या वजनानेच सुटते, तिला तुमच्या बिल्डिंगची गरज नसते. दुसरं म्हणजे निष्काळजीपणा. शेजारी लोक राहतायत हे दिसत असताना खबरदारी न घेता खोदलं तर २० वर्षांचा प्रश्नच येत नाही, ती वेगळी जबाबदारी आहे. कुणाचा जीव धोक्यात आला तर फौजदारी बाजूही आहे, इमारत पाडताना किंवा बांधताना निष्काळजीपणे खबरदारी न घेणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २९० खाली गुन्हा आहे.

मुरूम_ते_पाषाण

मी जिओटेकमध्ये, म्हणजे माती आणि पायाच्या इंजिनिअरिंगमध्ये काम करतो, पुण्यात बरीच खोदकामं बघितलीयेत म्हणून लिहितोय. कायद्याचं वकीलसाहेब सांगतीलच, मी जमिनीचं सांगतो.

आपल्याकडचा मुरूम उन्हाळ्यात उभा कापला तरी उभा राहतो. दहा फूट, पंधरा फूट, बघणाऱ्याला वाटतं दगडच आहे, कशाला शोअरिंगचा खर्च. कोरडा असेपर्यंत तो तग धरतो इतकंच. पहिला मोठा पाऊस झाला की वरच्या काळ्या मातीत भेगा असतात त्यातून पाणी थेट मागे उतरतं, मुरूम भिजून ढिला होतो, आणि मागे साठलेलं पाणी स्वतः बाहेर ढकलतं ते वेगळंच. बऱ्याच ठिकाणी बेसाल्टच्या दोन थरांमध्ये लाल मातीचा मऊ पट्टा असतो, तो उघडा पडला की भिजून त्यावरून वरचा भाग सरकतो. म्हणून मे महिन्यात 'काही होत नाही हो' म्हणणाऱ्यांचा मला फार राग येतो, कारण जुलैत तिथे ते स्वतः झोपलेले नसतात.

मेधाताई, तुमची भेग भिंतीला समांतर आहे हे वाईट लक्षण आहे. कापाच्या वरच्या बाजूला जमीन जिथून सुटायला लागते तिथे अशीच भेग पडते. ती भरून टाकू नका! आधी तिच्यावर काचेच्या पातळ पट्ट्या प्लास्टर ऑफ पॅरिसने दोन्ही बाजूंना चिकटवा, प्रत्येकीवर तारीख लिहा. हालचाल झाली की काच तडकते, कुणाच्या तोंडी सांगण्याची गरज राहत नाही. भेगेच्या दोन्ही बाजूंना खिळे ठोकून त्यांच्यातलं अंतर व्हर्नियरने रोज एकाच माणसाने मोजायचं आणि वहीत लिहायचं. फोटो काढताना शेजारी पट्टी ठेवा. आणि भेगेत पावसाचं पाणी जाऊ नये म्हणून वरून ताडपत्री टाका, पार्किंगचं पाणी त्या बाजूला वाहत असेल तर ते आजच वळवा, हे तुमच्या हातात आहे.

बिल्डरकडे मागायचं ते असं: शोअरिंगचं ड्रॉइंग, त्यावर स्ट्रक्चरल इंजिनिअरची सही, आणि तुमच्या कॉलमच्या पायाची खोली त्याने हिशेबात घेतलीये का याचं उत्तर. १९८८ च्या बिल्डिंगची फुटिंग, म्हणजे कॉलमखालचे पाये, मुरमात पाचसहा फुटांवर असू शकतात आणि शेजारचा खड्डा दोन बेसमेंटचा, म्हणजे तुमच्या पायाच्या कितीतरी खाली. अशा वेळी खोदायच्या आधी हद्दीवर पाइल, म्हणजे जमिनीत खोलवर काँक्रीटचे खांब, घालून मग टप्प्याटप्प्याने खाली जायचं असतं, किंवा सॉइल नेलिंग करून, म्हणजे मातीत सळ्या घालून, शॉटक्रीट म्हणजे काँक्रीटचा फवारा मारत जायचं. खोदकामाच्या सुरक्षेचं भारतीय मानक आहे, आयएस ३७६४, ते माहीत नाही असं कुठला कॉन्ट्रॅक्टर म्हणू शकत नाही.

बावधन_उतार

आमचं उलटं प्रकरण आहे. आमचा प्लॉट वर, शेजारचा खाली. आमच्या बिल्डरने मूळ उतारावर भराव टाकून प्लॉट सपाट केला आणि रिटेनिंग वॉल बांधली २०१० च्या आसपास. आता खालचा म्हणतो मी माझ्या बाजूने कापणार, तुमची भिंत तुम्ही सांभाळा. कोण बरोबर?

वकील_शिवाजीनगर

भराव हा कृत्रिम भार, त्यामुळे त्याला नैसर्गिक हक्क लागू होत नाही, आणि २० वर्षं झाली नाहीत. तुमची भिंत मजबूत ठेवायची जबाबदारी तुमची. पण त्याने मूळ जमीन तुमच्या भिंतीच्या पायाखालून कापली तर तो त्याच्या जबाबदारीतून सुटत नाही. अशा केसमध्ये मूळ जमिनीची पातळी काय होती हे सिद्ध करणं हीच खरी लढाई असते. जुना काँटूर सर्व्हे, बांधकामाच्या वेळचे लेव्हल, मोजणीचा नकाशा, जे मिळेल ते आत्ताच गोळा करा.

कोंढवा_बुद्रुक

हे सगळं वाचताना २०१९ आठवतं. २९ जूनच्या पहाटे कोंढव्यात सोसायटीची कंपाउंड वॉल खालच्या साइटवरच्या मजुरांच्या पत्र्याच्या खोल्यांवर कोसळली, १५ माणसं गेली, त्यात लहान मुलं होती. तीनचार दिवसांत आंबेगावला तसंच, ६ मजूर गेले. आम्ही तेव्हा जवळच राहायचो. मेधाताई, तुमच्या भिंतीच्या पलीकडे, खड्ड्यात किंवा काठावर, मजुरांचे शेड आहेत का ते आज बघा. असतील तर तक्रारीत पहिलं वाक्य तेच लिहा. आपल्या फरशीच्या भेगेआधी ती माणसं.

मेधा_कर्वेनगर

आहेत. भिंतीला टेकूनच चार खोल्या आहेत, दोन कुटुंबं लहान मुलं घेऊन राहतात. मी आत्ता जाऊन त्यांच्याशी बोलले, मुकादमालाही सांगितलं. तक्रारीचा मसुदा बदलते.

मुरूम_ते_पाषाण

धन्यवाद ताई. कंपाउंड वॉल ही फक्त हद्द दाखवायला बांधलेली असते, मागची माती पेलायला नाही. तिच्या एका बाजूला खड्डा आणि दुसऱ्या बाजूला भिजलेली जमीन असली की ती पडायला वेळ लागत नाही.

पेठेत_वाडा

आम्ही सदाशिवात. वाड्याची भिंत शेजारच्या वाड्याला लागून आहे, भिंतीला भिंत, शंभर वर्षं तरी झाली असतील. तो वाडा आता पाडतायत. तिथे जमिनीचा नाही, भिंतीचाच आधार आहे. त्याचं काय?

वकील_शिवाजीनगर

चांगला प्रश्न. कलम १५ मध्ये जमिनीबरोबरच 'जमिनीला जोडलेल्या गोष्टींचा' आधारही येतो, म्हणजे भिंतीचाही. शेजाऱ्याला स्वतःचा वाडा पाडता येतो, पण तुमचा आधार काढून घेता येत नाही, त्यामुळे पाडायच्या आधी टेकू, कैच्या, पर्यायी आधार ही त्याची जबाबदारी. मात्र एक मर्यादा लक्षात ठेवा. आधार देणाऱ्याने आपल्या कृतीने तो काढायचा नाही एवढंच बंधन, पदरचा खर्च करून ती भिंत डागडुजी करत टिकवायचं बंधन त्याच्यावर नसतं. भिंत आपोआप मोडकळीला आली तर तिच्या दुरुस्तीसाठी त्याच्या मागे लागता येत नाही. तुम्ही स्वतः दुरुस्त करू शकता.

याच विषयावरचा इंग्लंडमधला १८८१ चा डाल्टन विरुद्ध अँगस हा निवाडा अजून सांगितला जातो. दोन घरं लागून, त्यातलं एक १८४९ मध्ये बदलून घोडागाड्यांचा कारखाना केला, मजल्यांचा भार चिमणीच्या खांबावर आणि तिथून शेजारच्या जमिनीवर. पंचवीसेक वर्षांनी शेजारी पाडून खोदलं, खांब खचला, कारखान्याचा बराचसा भाग कोसळला. हाउस ऑफ लॉर्ड्सने सांगितलं की २० वर्षं आधार मिळालाय, हक्क आहे. आणि त्याआधीच्या १८७६ च्या बोवर विरुद्ध पीट मध्ये ठरलं की काम कॉन्ट्रॅक्टरला दिलं म्हणून मालक मोकळा होत नाही. 'कॉन्ट्रॅक्टरला विचारा' हे उत्तर म्हणूनच ऐकून घ्यायचं नाही.

कॅश_नको_हक्क_हवा

पण साहेब, नुकसान झाल्याशिवाय पैसे मागता येत नाहीत असं मला एकाने सांगितलं, मग आत्ता कोर्टात जाऊन उपयोग काय?

वकील_शिवाजीनगर

बरोबर सांगितलं पण अर्धवट. कलम ३४ म्हणतं की आधार काढला एवढ्यावर भरपाई मिळत नाही, प्रत्यक्ष भरीव नुकसान व्हायला लागतं. मुदतही म्हणूनच नुकसान झाल्यापासून मोजतात, खोदल्यापासून नाही, १९६३ च्या मुदत कायद्याचं कलम २३. पण कलम ३५ मनाई हुकमाचं आहे आणि त्यात नुकसान व्हायची वाट बघावी लागत नाही. जे काम करणार म्हणतायत ते झालं तर हक्काला बाधा येणारच असं दाखवता आलं की पुरे. म्हणजे सेक्रेटरी 'झालं तर बघू' म्हणतात ते पैशाच्या दाव्यापुरतं ठीक, पण मनाई हुकूम मागायची वेळ नेमकी आत्ता आहे, नंतर नाही.

व्यवहारात असं होतं की शिवाजीनगर कोर्टात दावा लावून तात्पुरता मनाई हुकूम मागायचा, सोबत कोर्ट कमिशनरचा अर्ज द्यायचा, तो येऊन खड्डा, भेगा, भिंत बघून अहवाल देतो. समोरच्याने आधीच कॅव्हेट, म्हणजे आमचं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका असा अर्ज, टाकलेलं असायची शक्यता असते, ते तपासून घ्या. कोर्ट काम कायमचं थांबवेलच असं धरून चालू नका, शोअरिंग पूर्ण करून मगच पुढे खोदा असा आदेश मिळाला तरी तुमचं काम झालं. काहीही न बोलता काम बघत बसलात तर मात्र तुमची मूक संमती होती असं समोरचा म्हणणार.

आणखी एक. कन्व्हेयन्स, म्हणजे जमिनीची मालकी सोसायटीच्या नावावर, झालेला नाही म्हणून घाबरू नका. भरपाईचा दावा फक्त मालकाने लावायचा असं नाही, जागेत हितसंबंध असलेला किंवा तिथे राहणारा माणूसही लावू शकतो.

मेधा_कर्वेनगर

कन्व्हेयन्सचं तुम्हाला कसं कळलं, खरंच झालेला नाही आमचा! आज बिल्डरचा माणूस एनओसी घेऊन आला होता. म्हणतो सही करा, मग आम्ही तुमची भिंत नवीन बांधून देतो. त्यात लिहिलंय की सोसायटीची खोदकामाला हरकत नाही आणि 'अँकर' घालायला परवानगी आहे. अँकर म्हणजे काय?

वकील_शिवाजीनगर

सही करू नका!! आधाराचा हक्क सोडून देता येतो, कलम ३८, आणि असल्या मोघम एनओसीचा अर्थ पुढे तसाच लावला जातो.

मुरूम_ते_पाषाण

अँकर म्हणजे खड्ड्याच्या भिंतीतून तिरपं ड्रिल करून आत लांब सळ्या किंवा केबल घालून ग्राउट करतात आणि ताणतात, त्याने पाइल मागे धरून ठेवली जाते. पद्धत चांगली आहे, पण ते अँकर तुमच्या जमिनीखाली, कदाचित तुमच्या बिल्डिंगच्या पायाखालपर्यंत येणार. तुमच्या परवानगीशिवाय घालता येत नाहीत. उद्या तुमचं रिडेव्हलपमेंट आलं आणि तुम्ही खोदलं की ते लोखंड समोर येतं. द्यायचीच असेल तर वेगळा करार, ड्रॉइंगसकट, किती लांब, किती खोल, बेसमेंटच्या भिंती आणि स्लॅब झाल्यावर ताण काढणार का, सगळं लिहून.

साइटवरचा_सिव्हिल

मी बिल्डरच्या बाजूने काम करतो, म्हणून थोडं आमच्याकडचं. सगळेच बेफिकीर नसतात. नीट शोअरिंग केलं तर शेजाऱ्यांची तक्रार येत नाही आणि काम थांबत नाही, हे समजणारे लोक आहेत. पण आम्ही खोदायच्या आधी शेजारच्या घरांचा सर्व्हे करायला गेलो की कित्येक लोक दारात उभं करत नाहीत. करू द्या प्लीज. जुन्या भेगा कुठल्या आणि नव्या कुठल्या हे दोघांनाही नंतर लागतं. दोन्हीकडच्या सह्या घेऊन एकेक कॉपी ठेवायची.

आणि इन्शुरन्सबद्दल कुणी विचारत नाही. बिल्डरकडे कॉन्ट्रॅक्टर्स ऑल रिस्क पॉलिसी असते, तिच्यात त्रयस्थांच्या नुकसानीचं कव्हर असतं, पण कंपनामुळे किंवा आधार काढल्याने, कमकुवत झाल्याने होणारं नुकसान साधारणपणे वगळलेलं असतं, ते एन्डॉर्समेंट, म्हणजे पॉलिसीला जोडलेलं जादा कलम, घेऊन वेगळं जोडावं लागतं. 'पॉलिसी आहे' एवढ्यावर समाधान मानू नका, ते एन्डॉर्समेंट दाखवा म्हणा.

शनिवारातला

हे इन्शुरन्सचं मला माहीतच नव्हतं, फार कामाचं आहे. महापालिकेबद्दल एक सावधगिरी. धोकादायक बांधकामाची, महापालिका कायद्याच्या कलम २६४ ची नोटीस कधीकधी कललेल्या भिंतीच्या मालकाला, म्हणजे तुम्हालाच येते. घाबरू नका पण गप्पही बसू नका, भिंत कशामुळे कलली ते फोटो आणि तारखांसकट लगेच लेखी कळवा. आणि माहिती अधिकारात शेजारच्या प्लॉटचे मंजूर नकाशे आणि खोदकामाची कागदपत्रं मागून ठेवा.

मेधा_कर्वेनगर

अपडेट. तक्रार दिल्यावर क्षेत्रीय कार्यालयाचे इंजिनिअर येऊन गेले. त्या चारही खोल्या दुसऱ्या दिवशी हलवल्या, प्लॉटच्या पुढच्या कोपऱ्यात गेल्या आता. काचेच्या सात पट्ट्यांपैकी दोन तडकल्या, त्याचा फोटो आणि वही दोन्ही वकिलांकडे दिली. आमच्या वकिलांनी नोटीस पाठवल्यावर बिल्डरने त्या बाजूचं खोदकाम थांबवलंय, काप असलेल्या भागात परत मुरूम भरून तो दाबून घेतलाय आणि पाइलिंगचं मशीन येणार म्हणतायत. शोअरिंगचं ड्रॉइंग मिळालं पण त्यात आमच्या फुटिंगची खोली रिकामी सोडलीये. दावा तयार आहे, लावायचा का थांबायचं यावर रविवारी बैठक आहे.

मुरूम_ते_पाषाण

भराव टाकला ते उत्तम झालं, आत्तापुरता आधार परत आला. फुटिंगची खोली रिकामी असलेलं ड्रॉइंग मान्य करू नका. तुमच्या पार्किंगमध्ये एका कॉलमशेजारी लहानसा ट्रायल पिट घ्या, तुमच्याच इंजिनिअरसमोर, हाताने खणून, मशीन नको, आणि त्या भेगेपासून लांबच्या कॉलमला. खोली मोजून त्यांच्या इंजिनिअरला लेखी द्या आणि ड्रॉइंग सुधारून मागा.

वकील_शिवाजीनगर

दाव्याचं माझं मत, सुधारलेलं ड्रॉइंग आणि लेखी हमी बैठकीच्या आधी आली तर थांबा, हमीत 'सोसायटीच्या आधाराच्या हक्काला बाधा न आणता' हे शब्द असू द्या. नाही आली तर सोमवारी लावा, पाऊस तोंडावर आहे.

मेधा_कर्वेनगर

ट्रायल पिट उद्या सकाळी घेतोय. सेक्रेटरी स्वतः उभे राहणार आहेत.